खुद्द जो फ्रँकलिन

इंग्रजी चित्रपट संपला, की पडद्यावर श्रेयनामावली सरकू लागते. त्या यादीत अधूनमधून एक चमत्कारिक नोंद आढळते. एका बाजूला नटाचे नाव असते आणि दुसऱ्या बाजूला, जेथे पात्राचे नाव असावयास हवे तेथे, केवळ ‘स्वतः’ असे लिहिलेले असते. मराठीत आपण यालाच ‘स्वतःच्या भूमिकेत’ असे म्हणतो. या शब्दप्रयोगातील विसंगती सरावामुळे आपल्याला जाणवत नाही. भूमिका म्हटली की ती दुसऱ्या कोणाची तरी असते. स्वतःची भूमिका करावयाची म्हणजे नेमके काय करावयाचे? आपल्याकडचा बहुरूपी आज पोलीस होतो, उद्या वैद्य होतो, आणि त्याचे कसब लोकांना कळते ते त्याची सोंगे निरनिराळी असतात म्हणून. जन्मभर एकच सोंग घेतले आणि तेही स्वतःचेच, तर त्या माणसाला काय म्हणावे?

अशा एका माणसाची हकीकत येथे सांगावी, असा आमचा विचार आहे. त्याचे नाव जो फ्रँकलिन. न्यूयॉर्कच्या स्थानिक दूरचित्रवाणीवर चाळीसहून अधिक वर्षे गप्पांचा कार्यक्रम करणारा हा ठेंगणा, गुबगुबीत, बोलका गृहस्थ अमेरिकन मनोरंजनाच्या इतिहासात तळटीपेपुरताच उरला आहे. त्याला तारा म्हणता येणार नाही आणि नट तर तो नव्हताच. तरीही १९८४ या एका वर्षात दोन गाजलेल्या चित्रपटांना त्याची ‘स्वतः’ म्हणून गरज भासली. ती का भासली, आणि त्यातून त्याचे काय उरले, हे पाहणे आम्हांस उद्बोधक वाटते.

आरंभीच एक गोष्ट सांगितली पाहिजे. ज्या ‘स्वतः’चा हा प्रवास आहे ते जन्मजात नव्हते. फ्रँकलिनचे मूळ आडनाव फोर्टगँग. न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात ९ मार्च १९२६ रोजी तो जन्मला. पण ही तारीखही आपल्याला सरळ मिळत नाही. त्याच्या प्रसिद्धिपत्रकांतून वर्षानुवर्षे १९२८ हे जन्मवर्ष छापले जात होते. १९९५ साली निघालेल्या आत्मचरित्रात त्याने ते स्वतःच दुरुस्त केले. आडनाव बदललेले, वय दोन वर्षांनी कमी केलेले, असा हा आरंभ आहे. मनोरंजनाच्या व्यवसायात यात नवल काहीच नाही. परंतु पुढे जो माणूस ‘खुद्द जो फ्रँकलिन’ म्हणून पडद्यावर येणार होता, तो आधी असा घडविला गेला होता, एवढे ध्यानात असावे.

त्याची उमेदवारी रेडिओवर झाली. मार्टिन ब्लॉक हा त्या काळचा अतिशय लोकप्रिय तबकडी-निवेदक. त्याच्या कार्यक्रमासाठी जुन्या ध्वनिमुद्रिका निवडून देण्याचे काम किशोरवयातील फ्रँकलिन करी. जुन्या तबकड्यांचे, विस्मृतीत गेलेल्या गायकांचे आणि मूकपटांतील नटनट्यांचे त्याला वेड होते. एडी कँटर हे त्याचे दैवत. विशी नुकतीच ओलांडलेल्या या मुलाला ‘जुन्या तबकड्यांचा तरुण जीर्णावशेष’ अशा अर्थाचे एक गमतीदार बिरुद मिळाले होते. समवयस्क लोक नव्याच्या मागे धावत असताना हा जुन्याचा कैवारी झाला, आणि त्या काळात कोणाला न सुचलेली ही जागा त्याने आयुष्यभर सोडली नाही.

८ जानेवारी १९५१ रोजी न्यूयॉर्कच्या सात क्रमांकाच्या वाहिनीवर त्याचा कार्यक्रम सुरू झाला. दूरचित्रवाणी तेव्हा बाल्यावस्थेत होती. ही वाहिनी तोवर दुपार उलटून गेल्यावरच आपले प्रक्षेपण सुरू करीत असे. भर दुपारी बाराच्या सुमारास लागणारा तिचा पहिला नियमित कार्यक्रम फ्रँकलिनचा. जागा म्हणजे पश्चिमेकडील सदुसष्टाव्या रस्त्यावरचे एक कोंदट तळघर. ते टॅक्सीच्या दुप्पट आकाराचे असेल, असे तो पुढे विनोदाने सांगत असे. नाव तबकड्यांच्या कार्यक्रमाचे होते. परंतु दूरचित्रवाणीवर फिरती तबकडी किती वेळ दाखविणार? म्हणून समोर खुर्च्या आल्या, खुर्च्यांवर माणसे आली, आणि गप्पा सुरू झाल्या.

या गप्पांचा एक विशेष होता, आणि फ्रँकलिनचे जे काही महत्त्व आहे ते आमच्या मते त्यातच आहे. त्याच्या खुर्च्यांना प्रतवारी नव्हती. मानववंशशास्त्रज्ञ मार्गारेट मीड यांच्या शेजारी नाकाने शीळ घालणारा मनुष्य बसे, किंवा रिचर्ड निक्सन यांच्या जोडीला टॅप-नृत्य करणारा दंतवैद्य असे, असे वर्णन तो स्वतःच करी. त्यातील जोड्या त्याने थोड्या रंगवून सांगितल्या असतील. पण कार्यक्रमाची जात अगदी अशीच होती. ज्याच्या नावाला अर्धे शहर ओळखते आणि ज्याला त्याच्या इमारतीतही कोणी ओळखत नाही, अशी दोन माणसे येथे एकाच प्रकाशात बसत. दोघांनाही तीच विशेषणे मिळत, तेच कौतुक मिळे. एखाद्याने आपल्या खर्चाने छापलेले पुस्तक आणले, तर फ्रँकलिन ते अभिजात ग्रंथ असल्यासारखे हाती धरी. त्याने ते वाचलेले नसे, आणि प्रेक्षकही ते जाणून असत. मधेच जाहिरातदाराचा माल उचलून तोही त्याच जिव्हाळ्याने वाखाणला जाई.

या सरसकट कौतुकाची टिंगल करणे सोपे आहे आणि ती भरपूर झाली. पण त्याची दुसरी बाजू अशी, की उमेदवारांसाठी हे दार खरोखरच उघडे होते. वुडी ॲलन, डस्टिन हॉफमन, बार्ब्रा स्ट्रायसँड ही मंडळी कोणीच नव्हती तेव्हा या खुर्चीवर येऊन गेली. बेट मिडलर आणि तिचा पियानोवादक बॅरी मॅनिलो यांना तर त्याने आपल्या कार्यक्रमात कामच दिले होते. मोठ्या, देशव्यापी कार्यक्रमांत प्रवेश मिळण्यासाठी आधी थोडेफार नाव असावे लागे. ते कोठून आणावयाचे, या प्रश्नाचे न्यूयॉर्कपुरते एक उत्तर जो फ्रँकलिन हे होते. आणि त्याच्याकडे आलेल्यांपैकी बहुतेकांचे नाव पुढे कधीच झाले नाही, हेही त्याच उत्तराचा भाग होते. चाळणी लावली असती तर दार उघडे राहिले नसते.

१९६२ साली फ्रँकलिन नऊ क्रमांकाच्या वाहिनीकडे गेला आणि १९९३ पर्यंत तेथेच राहिला. ही वाहिनी कोणत्याही राष्ट्रीय जाळ्याची नव्हती. जुने चित्रपट, बेसबॉलचे सामने आणि फावल्या वेळात फ्रँकलिन, असा तिचा संसार होता. त्याची वेळ पुढे सरकत सरकत मध्यरात्रीपलीकडे गेली. निद्रानाश झालेले लोक, रात्रपाळीहून परतणारे कामगार आणि एकटे म्हातारे हे त्याचे हक्काचे प्रेक्षक ठरले. मग १९७९ पासून ही स्थानिक वाहिनी उपग्रहाच्या आणि केबलच्या मार्गाने अमेरिकेच्या दूरदूरच्या गावांत दिसू लागली. आपल्या शहराबाहेर ज्याला कोणी ओळखू नये, असा माणूस एकाएकी देशभर रात्री एक वाजता दिसू लागला. त्याने मात्र आपल्या रीतीत तसूभरही फरक केला नाही. बाकीची दूरचित्रवाणी वेगवान आणि चकचकीत होत असताना त्याचे ते मेज, त्या खुर्च्या आणि ते कौतुक जसेच्या तसे राहिले. १९५१ साली जे साधे होते, तेच १९८१ साली विलक्षण वाटू लागले. माणूस जागचा हलला नाही, म्हणूनच तो पात्र झाला.

आता १९८४ कडे येऊ.

त्या वर्षाच्या आरंभी वुडी ॲलनचा ‘ब्रॉडवे डॅनी रोझ’ हा कृष्णधवल चित्रपट प्रदर्शित झाला. डॅनी रोझ हा अपयशी कलावंतांचा दलाल. ज्यांना कोणी काम देत नाही अशा नकलाकारांना, वादकांना, खेळ करणाऱ्यांना तो जिवापाड सांभाळतो. त्याच्याकडे एक उतारवयाला लागलेला गायक आहे, ल्यू कनोव्हा. जुन्या गाण्यांची हौस लोकांत पुन्हा उफाळून येते आणि कनोव्हाचे नशीब थोडे हलते. हे प्रेक्षकांना कळावे कसे? ॲलन त्याला जो फ्रँकलिनच्या कार्यक्रमात बसवितो. न्यूयॉर्कच्या प्रेक्षकाला या एका प्रसंगातून सारे उमगते : गायक पूर्ण विस्मृतीत नाही, पण खऱ्या प्रसिद्धीपासूनही तो दूर आहे, तो वर चढणाऱ्या जिन्याच्या पहिल्या पायरीवर उभा आहे. ही पायरी खोटी उभारता आली नसती. काल्पनिक सूत्रसंचालक दाखविला असता, तर त्याचा दर्जा काय, त्याला कोण पाहते, हे सारे समजावून सांगावे लागले असते. फ्रँकलिनचा चेहरा हेच स्पष्टीकरण होते. आणि ज्या दिग्दर्शकाने त्याचा असा उपयोग केला, तो स्वतः एके काळी उमेदवार म्हणून याच पायरीवर बसून गेला होता.

त्याच वर्षीच्या जून महिन्यात ‘घोस्टबस्टर्स’ आला. न्यूयॉर्क शहरात भुते पकडण्याचा धंदा काढणाऱ्या टोळीची ही विनोदी कथा. धंदा चालू लागतो आणि टोळीची कीर्ती पसरते, हे दाखविणारी दृश्यमालिका चित्रपटाच्या मध्यावर आहे. त्यात बातम्या सांगणारा रॉजर ग्रिम्सबी स्वतः आहे, रेडिओवरचा लॅरी किंग स्वतः आहे, आणि जो फ्रँकलिनही स्वतः आहे. डॅन ॲक्रॉइडने रंगविलेल्या भूतपकड्याला तो गंभीर चेहऱ्याने एल्व्हिस प्रेस्लीची खुशाली विचारतो. प्रेस्ली १९७७ सालीच मरण पावलेला होता, हे वाचकांना सांगावयास नको. काही सेकंदांचा हा प्रसंग आहे. भुते खोटी, टोळी खोटी. तेव्हा शहर तरी खरे वाटले पाहिजे, म्हणून शहरातील खरे चेहरे आणले गेले. जुन्या कागदावर शिक्का असला म्हणजे मजकुराला वजन येते. या चित्रपटात फ्रँकलिनचे काम त्या शिक्क्याचे आहे.

‘स्वतः’ म्हणून येणाऱ्या माणसाचे काम असे नीट पाहिले, तर ते अभिनयापेक्षा साक्षीच्या जवळ जाते. कथेतील असत्याला तो आपल्या खरेपणाची जामीन देतो. पण जामीन राहणाऱ्याला काही गमवावेही लागते. ज्या क्षणी आपला खरेपणा दुसऱ्याच्या कथेत वापरता येतो असे सिद्ध होते, त्या क्षणापासून तो वापरण्यासाठी आपली परवानगी प्रत्येक वेळी घेतली जाईलच, असे नाही.

फ्रँकलिनच्या बाबतीत हे त्याच सुमारास घडू लागले. १९८४-८५ च्या हंगामात ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ या देशव्यापी विनोदी कार्यक्रमात बिली क्रिस्टल त्याची नक्कल करू लागला. त्यामुळे ज्यांनी फ्रँकलिनचा एकही कार्यक्रम पाहिला नव्हता, त्यांना तो नकलेतून माहीत झाला. ही नक्कल फ्रँकलिनने आनंदाने पत्करली. याउलट, ड्रू फ्रीडमन या व्यंगचित्रकाराने ‘हेवी मेटल’ या मासिकात एक चित्रकथा काढली. तीत जो फ्रँकलिन आकाराने लहान लहान होत जातो. या वेळी मात्र फ्रँकलिन संतापला आणि त्याने चार कोटी डॉलरचा दावा लावला. न्यायालयाने तो फेटाळला.

एका नकलेला दाद आणि दुसरीला दावा, हा विरोधाभास वरवरचा आहे असे आम्हांला वाटते. क्रिस्टलच्या नकलेत फ्रँकलिन हास्यास्पद असला, तरी आपल्या मेजामागे तोच यजमान होता; पाहुण्यांना बोलावणारा होता. फ्रीडमनच्या कथेत त्याचे मेज गेले, पाहुणे गेले; उरला फक्त आक्रसणारा देह. कायद्याच्या दृष्टीने निकाल योग्यच होता. सार्वजनिक माणसाच्या विडंबनाला मुभा असलीच पाहिजे, आणि आमचे मत त्याहून वेगळे नाही. पण त्या माणसाला काय बोचले असावे, हे समजण्यास त्या मतामुळे अडचण येऊ नये.

२००५ साली हा प्रश्न अधिक तीव्र झाला. ‘द ॲरिस्टोक्रॅट्स’ या अनुबोधपटात अनेक विनोदवीर एकच अश्लील विनोद आपापल्या ढंगाने सांगतात. सारा सिल्व्हरमन हिने तो आपल्या बालपणीची आठवण असल्याप्रमाणे सांगितला, आणि अखेरीस अतिशय निर्विकार चेहऱ्याने, जो फ्रँकलिनने आपल्यावर बलात्कार केला, असे म्हटले. ते खोटे आहे हे चित्रपटाचा एकूण रोख पाहता उघड होते. विनोदाची धार त्या शांतपणातच होती. ऐंशीच्या घरात आलेल्या फ्रँकलिनने खटल्याची भाषा केली. प्रकरण त्यापलीकडे गेले नाही. येथे त्याचे नाव का घेतले गेले असावे, याचा विचार केला पाहिजे. एखाद्या खऱ्या पण निरुपद्रवी, जुन्यापुराण्या, सर्वांना ठाऊक असलेल्या माणसाचे नाव घेतले, तरच त्या वाक्याचा धक्का बसणार होता. वीस वर्षांपूर्वी भुतांच्या कथेला ज्याने खरेपणा दिला, त्याच्याच नावाचा खरेपणा येथे एका भयंकर आरोपाला उसना देण्यात आला. यंत्रणा तीच. या वेळी त्याला कोणी विचारले नव्हते, एवढाच भेद.

मग या साऱ्यामागचा खरा फ्रँकलिन कोणता, असा प्रश्न इतिहासाच्या वाचकाला पडणारच. येथे तो माणूस आपल्याला फारशी मदत करीत नाही. आपल्या कार्यक्रमात तीन लाख पाहुणे येऊन गेले, असे तो सांगे. आम्ही साधा हिशेब करून पाहिला. १९५१ ते १९९३ ही बेचाळीस वर्षे. वर्षाचे ३६५ दिवस एकही सुट्टी न घेता धरले, तरी दररोज जवळजवळ वीस पाहुणे हवेत. प्रत्यक्ष एल्व्हिस प्रेस्ली आपल्या तळघरात आला होता, असेही त्याचे सांगणे होते. तेव्हा ‘घोस्टबस्टर्स’मधील त्या प्रश्नाला ही आणखी एक किनार आहे. १९५९ साली त्याच्या नावावर निघालेले मूकपटांवरचे ‘क्लासिक्स ऑफ द सायलेंट स्क्रीन’ हे उत्तम पुस्तक प्रत्यक्षात विल्यम एव्हरसन या अभ्यासकाने लिहिले होते. ज्या उदार हाताने फ्रँकलिन पाहुण्यांना विशेषणे वाटीत असे, त्याच हाताने त्याने स्वतःलाही वाटली, असे फार तर म्हणता येईल.

या दाव्यांची शहानिशा व्हावयाची, तर मूळ चित्रण हवे. आणि तेथेच सारे अडते. आरंभीची वर्षे थेट प्रक्षेपणाची होती. पुढे चित्रफिती आल्या, पण त्या महाग असत आणि पुसून पुन्हा वापरल्या जात. मध्यरात्रीचा स्थानिक कार्यक्रम कोणी जतन करावा, असे तेव्हा कोणाच्या मनातही येत नसे. जे थोडेफार पाहावयास मिळते, त्यातील पुष्कळसे प्रेक्षकांनी आपल्या घरी व्हीसीआरवर उतरवून ठेवलेले आहे. उलट ते दोन चित्रपट मात्र सुस्थितीत आहेत आणि जगभर पाहिले जातात. म्हणजे हा माणूस जेव्हा खरोखरच स्वतः होता, तेव्हाचे दप्तर बहुतांशी नष्ट झाले, आणि त्याने ‘स्वतः’ची भूमिका केली, तेवढे काही क्षण शिल्लक राहिले.

१९९३ साली त्याचा दूरचित्रवाणीवरील कार्यक्रम थांबला. रेडिओवर तो त्यानंतरही बोलत राहिला. टाइम्स स्क्वेअरच्या परिसरातील त्याचे कार्यालय जुन्या तबकड्या, चित्रे, पत्रे आणि कात्रणे यांच्या ढिगांसाठी प्रसिद्ध होते. आत शिरावयास वाट नसे. २४ जानेवारी २०१५ रोजी, वयाच्या ८८व्या वर्षी, तो मॅनहॅटनमध्ये निवर्तला.

उरलेल्या दोन पुराव्यांपैकी अधिक विश्वसनीय कोणता, असे कोणी विचारले, तर आम्ही ‘ब्रॉडवे डॅनी रोझ’कडे बोट दाखवू. ‘घोस्टबस्टर्स’ने फ्रँकलिनचा चेहरा घेतला आणि त्याच्या भाबडेपणाचे हसू केले, ते त्या चित्रपटापुरते ठीकच आहे. ॲलनने मात्र चेहऱ्याबरोबर शेजारची खुर्चीही घेतली, आणि तिच्यावर एक दुय्यम, थकलेला, अजून आशा न सोडलेला गायक बसविला. कथा कल्पित, गायक कल्पित. पण चाळीस वर्षे त्या तळघरात आणि त्या मध्यरात्री जे घडत होते, ते हेच होते. फ्रँकलिनने आयुष्यभर एकच सोंग घेतले, असे आम्ही आरंभी म्हटले. ते सोंग यजमानाचे होते. यजमान रोज बदलत राहिला असता, तर दाराशी आलेल्याला घर ओळखता आले नसते. त्या घरी किती जण येऊन गेले याचा आकडा तीन लाख नसेलही. पण जे आले, त्यांतील बहुतेकांना दूरचित्रवाणीवरची दुसरी खुर्ची कधीच मिळाली नाही, आणि त्यांची नावे कोणत्याही श्रेयनामावलीत नाहीत.